पैलथडीचा फर्लांग

कामथडीला उतरायचं असेल तर कंडक्टरला आधीच सांगून ठेवावं लागतं. चेलाडी फाटा मागे पडतो, कापूरहोळ यायचं असतं, आणि महामार्गावरच्या गाड्यांना मधली गावं दिसतच नाहीत. तुम्ही उतरता तेव्हा साताऱ्याकडून येणारा सोळा चाकांचा ट्रक कानाजवळून जातो आणि त्याच्या वाऱ्याने तुमची पिशवी फडफडते. साईडपट्टीवर, वाळक्या गवतात, एक गुडघ्याएवढा पांढरा दगड उभा आहे. किलोमीटरचा नव्हे. त्या थोरल्याला पिवळी टोपी असते, अंगावर गावाचं नाव असतं. हा धाकटा. याच्या अंगावर एकच आकडा आहे: ६. म्हणजे मागच्या किलोमीटरच्या दगडापासून ६०० मीटर. याच्या मागेपुढे २, ४ आणि ८ हे त्याचे भाऊ.

या दगडाकडे कोणी बघत नाही. पण तुम्ही आता थांबलाच आहात तर बघा. दर २०० मीटरला दगड. दोनशेच का? दशमान पद्धत आणली होती ना? मग शंभराला दगड लावायचा, नाहीतर पाचशेला. दोनशे हा आकडा कुठून आला?

याचं उत्तर या काठावर मिळत नाही. गावाच्या नावात थडी ऐकू येते, आणि थडी म्हणजे नदीचा काठ, काठालगतचा मुलूख. भीमथडी, गंगथडी तशीच. आपण काळालाही दोन थड्या आहेत असं समजू. ऐलथडीला मीटर आहेत. दगडावर हात ठेवा आणि पैलथडीला चला.

डोळे मिटायची गरज नाही. नुसतं ऐका. ट्रकांचे हॉर्न विरळ होत जातात, चार पदरांचे दोन होतात, दोनाचा एक, आणि मग डांबराचा वास जाऊन त्या जागी ओल्या मुरमाचा येतो. टक्, टक्, टक्. रस्त्याच्या कडेला बायका खडी फोडतायत. डोक्यावर वडांची कमान आहे. साल १९३८ च्या आसपासचं. भोवतालचा मुलूख भोरच्या पंतसचिवांचा. रस्ता मात्र पुण्याहून साताऱ्याला जाणारा मोठा रस्ता. दिवसातून मोजक्या सर्व्हिस मोटारी जातात आणि गेल्यानंतर बराच वेळ त्यांची धूळ दिसत राहते. बाकी सगळ्या बैलगाड्या.

तुमचा हात अजून दगडावरच आहे, पण दगड बदललाय. हा काळ्या पाषाणाचा, घडीव, चुना फासलेला. त्याच्यावरही एकच आकडा आहे. आणि त्याला टेकून एक माणूस बिडी ओढतोय. गुडघ्यापर्यंत धोतर, डोक्याला मुंडासं, शेजारी फावडं आणि घमेलं. हा मैलकुली. त्याला ठरावीक मैल नेमून दिलेत. खड्डा बुजवायचा, मोरीत अडकलेला पाला काढायचा, पावसाने खचलेली कड भरायची. (पुढे मैल गेले, किलोमीटर आले, तरी बांधकाम खात्यात मैलकुली हे नाव चालूच राहिलं. किलोमीटरकुली काही कोणी झालं नाही.)

"कुटलं म्हनायचं पाव्हनं?"

"पुण्याचे."

"पायी आलासा?"

यावर खरं उत्तर द्यायची सोय नाही. तुम्ही दगडाकडे बोट दाखवून विचारता, हा कसला?

"फर्लांगाचा."

"फर्लांग म्हणजे किती?"

तो तुमच्याकडे बघतो. साहेबाचे कपडे, आणि हे विचारतोय. मग फावड्याने दाखवतो: "ह्यो दगुड, आन् त्यो फुडला दगुड. मधलं समदं फर्लांग."

शब्दकोशांनी अनेक व्याख्या केल्या असतील, पण इतकी नेटकी माझ्या वाचनात नाही.

त्याच्या दृष्टीने ती पुरीही आहे. वड कुठे पडला, मोरी कुठे फुटली, खडीचा ढीग कुठे टाकायचा, हे मुकादम त्याला मैल आणि फर्लांग सांगून कळवतो. आठ फर्लांगांचा मैल. दोन मैलाच्या दगडांमध्ये सात धाकटे. पण त्याच माणसाला विचारा की नसरापूर किती लांब, तो फर्लांग म्हणणार नाही. "हाकंवर," म्हणेल, किंवा "बिडी संपंस्तवर पोचाल," किंवा लांबचं असेल तर कोस. फर्लांग कामापुरता, पगारापुरता. सकाळी दिवस कासराभर वर आला की तो फर्लांग मोजायला लागतो आणि सांजच्याला घरी जाताना ते माप दगडापाशीच ठेवून जातो.

गावातल्या शाळेच्या खोलीतून पोरांचा एकसुरी आवाज येतोय. परवचा संपली, आता कोष्टकं: १२ इंच एक फूट, ३ फूट एक वार, २२० वार एक फर्लांग, ८ फर्लांग एक मैल. २२० वार म्हणजे किती, हे ज्या पोराला उमगत नाही त्याने घरातली आजी डोळ्यांसमोर आणावी. तिचं लुगडं नऊवारी. चोवीस लुगडी एकापुढे एक अंथरली आणि वर चार वार कापड जोडलं की फर्लांग झाला. मास्तर हे सांगणार नाहीत. पण एक गोष्ट मास्तरांच्याही ध्यानात आलेली असणार. कोस म्हणजे ढोबळ दोन मैल, तेव्हा फर्लांग झाला कोसाचा सोळावा भाग. रुपयाला सोळा आणे, तसा कोसाला सोळा फर्लांग. आणे-पैच्या हिशेबात वाढलेल्या डोक्याला हे परकं माप म्हणूनच पटकन पचलं असेल. कोसातला आणा.

पण हा कोसातला आणा मुळात कुणाचा? बिडी विझली. आणखी मागे चला.

शंभर वर्षं मागे आणि जरा पूर्वेला, इंदापूरला. १८३० चं दशक. प्रिंगलसाहेबाची आधीची मोजणी फसली आहे, सारा जड झालाय, जमिनी ओस पडल्यात. आता गोल्डस्मिड आणि विंगेट हे दोन अधिकारी नव्याने मोजणीला लागलेत. पुढे मुंबई इलाख्यातली जमीन ज्या रीतीने मोजली गेली ती रीत इथे बसवली जातेय. तुम्ही बांधावर उभे आहात आणि समोर दोन माणसं लोखंडी साखळी ताणून धरतायत. साखळी ३३ फुटांची, तिचे सोळा भाग, आणि भागाला नाव आणा. साखळी बाय साखळी म्हणजे गुंठा. ४० गुंठे म्हणजे एकर.

इथे थोडं थांबायला हवं, कारण तुमच्या सातबाऱ्यावरची जमीन इथे जन्मतेय. आज उतारा हेक्टर-आरमध्ये निघतो, पण कामथडीच्या चावडीवर भावकीचा वाद गुंठ्यातच होतो आणि प्लॉटवाल्याची जाहिरातही गुंठ्यातच असते. ३३ बाय ३३ फूट. एवढं जुनं माप इतक्या ताज्या भांडणात वापरणारे लोक जगात थोडे असतील.

आता मोजणीदाराला विचारा, या तुमच्या साखळ्या किती टाकल्या की फर्लांग होतो? हिशेब सोपा आहे: वीस. पण शेतात हे कोणी बोलत नाही. एकर शेतात शिरला, गुंठा शिरला, फर्लांग बांधावरच थांबला. त्याला पुढे रस्त्यावर कामाला लावलं. आणि यात एक मौज आहे, ती कळायला अजून बरंच मागे जावं लागेल.

जाता जाता खेड शिवापूरच्या बाजूने जाऊ. कामथडीहून ते फार लांब नाही. आज तिथे टोलनाका आहे. शिवकाळात याच मावळात जमिनीला काठी लागत होती. सभासदाने अण्णाजी दत्तोंच्या मोजणीचं माप नोंदवून ठेवलंय: पाच हात आणि पाच मुठींची काठी, चौदा तसूंचा हात, म्हणजे ८२ तसूंची काठी, वीस काठ्या लांब आणि वीस काठ्या रुंद तो बिघा, १२० बिघ्यांचा चावर. हात, मूठ, काठी. बैलाचा यात कुठे उल्लेख नाही. माप माणसाच्या अंगावरून काढलंय. हे लक्षात ठेवा आणि समुद्र ओलांडा.

पाऊस आहे, पण आपला नव्हे. बारीक, गार, कंटाळवाणा. पायाखाली तांबूस चिकण माती आणि ती सोडायला तयार नाही. सुमारे १३०० साल, इंग्लंडातल्या नॉटिंगहॅमशरमधलं लॅक्स्टन. गाव मुद्दाम निवडलंय: तिथली जुनी सामायिक शेती आजही थोडी शिल्लक आहे आणि ती चालवणारी गावसभाही. समोर बांध नाहीत, कुंपणं नाहीत. नजर पोचेल तिथपर्यंत एकच उघडं रान, आणि त्यात लांबच लांब, अरुंद पट्ट्या. त्या पट्ट्यांच्या एका टोकाला आठ बैल उभे आहेत. चार जोड्या, एकामागे एक. मागे लाकडी नांगर, पुढे उभी कापणारी सुरी, खाली लोखंडी फाळ, बाजूला माती उलथणारी फळी. आपल्या हलक्या नांगरासारखा हा माती फाडून पुढे जात नाही, तिला पालथी करतो. म्हणून आठ बैल.

नांगऱ्या ओरडतो. बोली तुम्हाला कळत नाही. पोरगं लांब काठीने पुढच्या बैलाला डिवचतं आणि सगळी फौज हलते. तुम्हीही मागून चाला. माती उलटतेय, तिचा वास तर कुठल्याही मातीचा असतो तसाच आहे. चालत राहा. इतका वेळ वळायला हवं होतं. भोर-वेल्ह्याच्या भाताच्या खाचरात औत धरलेला माणूस एव्हाना कितीदा वळला असता. बांध येतो, ताल येते, खाली पुढचं खाचर असतं. इथे वळणच येत नाही. बैलांच्या नाकातून वाफ निघतेय. नांगऱ्याच्या पोटऱ्या थरथरतायत. आणि मग, जिथे बैल आता एक पाऊलही पुढे टाकणार नाहीत असं वाटतं, तिथे तो थांबतो. बैलांना श्वास घेऊ देतो. मागे वळून आपली रेघ बघतो, आणि तिला जे म्हणतो ते तुम्हाला बरोबर ऐकू येतं.

फुर्ह-लांग.

फुर्ह म्हणजे नांगराने पडलेलं तास. लांग म्हणजे लांब. तासाएवढी लांबी. फौज न थांबता जितकी जाते तितकी. (लांग ऐकून तुम्हाला लांब आठवलं असेल. दोघांचं काही नातं नाही, निव्वळ योगायोग आहे. एकराचं मात्र आहे: संस्कृतातला अज्र, म्हणजे रान, आणि इंग्रजांचा एकर हे एकाच घरातले.)

तर हा आपला फर्लांग. दगडाचा नव्हे, बैलाचा. काठी-हाताच्या मापात माणूस स्वतःचं शरीर मोजायला लावतो. यांनी बैलाचा दम मोजायला लावला.

नांगऱ्या वळतोय. आठ बैल जागच्या जागी वळत नाहीत. पुढची जोडी आधीच तिरकी घ्यावी लागते, म्हणून तासाचं टोक वाकतं, आणि वर्षानुवर्षं तसंच वाकत राहिल्याने पट्टीच उलट्या एससारखी होते. इंग्लंडात जुन्या कुरणांमध्ये संध्याकाळच्या तिरप्या उन्हात या वाकड्या पट्ट्या अजूनही उठून दिसतात. बैल जाऊन शतकं झाली, त्यांच्या वळण्याची सवय जमिनीत राहिलीय.

वळलात? आता परत या टोकाला. पुन्हा तिकडे. किती वेळा? दिवसभरात ही फौज जेवढं नांगरते त्याला एकर म्हणायचं, असं परंपरा सांगते. लांबीला फर्लांग, रुंदीला ६६ फूट. तास वीतभर रुंद धरलं, ९ इंचांचं, तर ६६ फुटांत ८८ तासं बसतात. ८८ फर्लांग म्हणजे ११ मैल. साडेपाच कोस, चिखलातून, नांगराच्या मुठीवर भार देत. आणि वळणं वेगळी. पुढच्या वेळी एखाद्या एजंटाने "साहेब, एकच एकर आहे" असं हलकेपणाने म्हटलं तर त्याला हे सांगा.

दुपारी बैल सुटतात. तुम्ही चर्चच्या भिंतीला पाठ लावून बसता आणि गावकऱ्यांचं बोलणं ऐकता, तेव्हा लक्षात येतं की हाच शब्द ते आणखी एका अर्थाने वापरतायत. ज्या पट्ट्यांची तासं एकाच दिशेला जातात अशा पट्ट्यांचा सगळा मिळून जो थोरला तुकडा, त्यालाही फर्लांगच म्हणायचं. जुन्या मराठी कागदांत जमिनीच्या नाव असलेल्या तुकड्याला थळ म्हणतात, त्याच्या जवळपास जाणारी गोष्ट. एका कुणब्याची जमीन एका जागी नाही. या फर्लांगात एक पट्टी, त्या फर्लांगात दोन. यामुळे चांगली-वाईट माती सगळ्यांच्या वाट्याला येते. भांडणंही येतात. शेजाऱ्याने तास घालताना माझं वीतभर रान खाल्लं, ही तक्रार ऐकायला दुभाषा लागत नाही.

आणि चर्चच्या आत बसलेल्या शिकलेल्या माणसाने या शब्दाला तिसरा अर्थ चिकटवलाय. लॅटिन पोथ्यांत स्टेडियम हे अंतर येतं, रोमन मैलाचा आठवा भाग. आपलं तासही साधारण तेवढंच भरतं, म्हणून भाषांतरात फर्लांग लिहून मोकळं व्हायचं. १६११ च्या इंग्रजी बायबलातही ते तसंच आहे. पॅलेस्टाइनच्या वाटा इंग्लंडच्या नांगराने मोजल्या गेल्या, आणि त्याबद्दल कोणाला काही वाटलं नाही.

मला या सगळ्यात हळहळ वाटते ती एका गोष्टीची. त्या १९३८ च्या मैलकुलीला, जो पावसाळ्यात रजा टाकून घरच्या खाचरात औत धरत असणार, हे कोणी सांगितलं नाही की तू ज्या दगडाला टेकलायस तो तास आहे. त्याच्याकडे हा शब्द होता. घड्याळाचा तो तास, औताचं ते तास. बैल तासाला लागले, तास वाकडं गेलं, हे तो रोज म्हणत होता. शब्द पैलथडीवरून आला तेव्हा आतलं तास काढून ठेवून नुसता दगड आला. सरकारी कामात असं होतंच. पण कोणा मोडी जाणणाऱ्या कारकुनाने फर्लांगाला "तास" म्हटलं असतं तर दीडशे वर्षं कोकणापासून वऱ्हाडापर्यंत लोकांनी अंतर कसं मोजलं असतं, याची कल्पना करून बघा. "नसरापूर किती लांब?" "असंल आठ तासं." आणि शहरी माणूस दुसऱ्याच अर्थाने हबकून एसटीची वाट बघत बसला असता.

उठा आता. इथून पुढे भराभर जायचंय.

१५९३, लंडन. एलिझाबेथ राणीची पार्लमेंट. शहर फुगतंय, आणि वेशीपासून ३ मैलांच्या आत नवी घरं बांधायची नाहीत असा कायदा होतोय. मग प्रश्न आला, मैल म्हणजे किती? रोमनांचा मैल ५,००० फुटांचा. त्यात आठ फर्लांग बसवायचे तर फर्लांग ६२५ फुटांचा करावा लागतो. पण शेतातला फर्लांग ६६० फुटांचा. फर्लांगाला हात लावला तर देशभरच्या जमिनीच्या कागदांना हात लागणार, एकराचा हिशेब बिघडणार. तेव्हा कायद्याने मैलच ताणला. आठ फर्लांग, दर फर्लांगाला ४० काठ्या, दर काठी साडेसोळा फूट. एकूण ५,२८० फूट. जगाला विचित्र वाटणारा हा आकडा असा आला. रोमन साम्राज्याचं माप एका बाजूला, बैलाचा दम दुसऱ्या बाजूला, आणि माघार साम्राज्याने घेतली. महसूल खात्याचा अनुभव असलेल्या कुठल्याही मराठी माणसाला यात नवल वाटू नये. जमिनीच्या कागदापुढे कोण टिकलंय?

१६२०. गंटर नावाचा एक पाद्री-गणिती ६६ फुटांची, शंभर कड्यांची साखळी आणतो. अशा दहा साखळ्या लांबीला टाकल्या की फर्लांग. दहा चौरस साखळ्या म्हणजे एकर. इंदापुरात तुम्ही बघितलेली ३३ फुटांची साखळी हिचीच अर्धी. आणि साखळीभर अंतर तुम्ही आयुष्यभर बघत आलायत. ६६ फूट म्हणजे २२ यार्ड, क्रिकेटची खेळपट्टी. भाताची कापणी झाल्यावर कामथडीची पोरं खाचरात पावलं टाकून जी पिच आखतात ती फर्लांगाचा दहावा भाग असते, पावलं टाकणाऱ्याची उंची बरी असेल तर. घोड्यांच्या शर्यतींतही हा शब्द तगून राहिला. पुण्याच्या रेसकोर्सवर पावसाळ्यात शर्यती लागतात, त्यांची पत्रकं मीटरमध्ये छापलेली असतात, पण जुना शौकीन डर्बीला बारा फर्लांगांचीच म्हणतो. बैलाने काढलेलं माप घोड्याच्या नावावर लागलं. बैलगाडा शर्यतीवाल्यांनी खरं तर त्यावर हक्क सांगायला हवा.

आणि आता पुन्हा पुणे-सातारा रस्ता. पण जिथून निघालात तिथे नव्हे, जरा अलीकडे. १९६० चं दशक, महाराष्ट्र राज्य नुकतं झालेलं. मोटारी वाढल्यात, एसटी लाल आहे, वड अजून आहेत. १९५७ च्या एप्रिलपासून आणे जाऊन नवे पैसे आलेत, आणि त्याआधी १९५६ मध्ये वजन-मापांचा कायदा झालाय. दुकानात शेर जातायत, रस्त्यावर मैल. उन्हात एक ओव्हरसियर टेप घेऊन उभा आहे आणि त्याच्यामागे चुन्याचं डबडं घेतलेला मैलकुली. तो आधीच्याचा मुलगा असेल किंवा नसेल. मुंडासं जाऊन टोपी आलीय.

काम असं आहे: मैलाचे दगड उपटायचे, किलोमीटरचे रोवायचे. आणि फर्लांगाच्या दगडांच्या जागी? इथे ज्यांनी कोणी दोनशे मीटर ठरवलं त्यांच्या टेबलाशी आपण नव्हतो. पण फर्लांग मीटरमध्ये मांडून बघा: २०१.१६८. कित्येक पिढ्यांच्या रस्त्याच्या कामाला जो टप्पा सवयीचा झाला होता, तो जवळजवळ तसाच ठेवून वरचे अडीच हात छाटले की दोनशे. माझ्या मते हा योगायोग नाही.

आता या छाटणीचा हिशेब करा, कारण तो याच टापूत येऊन मिटतो. पुण्यात एकाच शून्यापासून दोन्ही मापं निघाली आणि रस्ता जागचा हलला नाही असं धरा. नवा दगड जुन्याच्या १ मीटर १७ सेंटिमीटर अलीकडे. दुसरा सव्वादोन मीटरच्या वर. कात्रजला हे अंतर वाढलेलं, शिवापूरला आणखी. असं मागे पडत पडत नवे दगड अखेर एक पूर्ण फर्लांग मागे पडतात, आणि मग १७२ वा नवा दगड बरोबर १७१ व्या जुन्या दगडापाशी येऊन उभा राहतो. ३४ किलोमीटर ४०० मीटर. २१ मैल ३ फर्लांग. दोन्हींत फरक फक्त २७ सेंटिमीटरचा, एक वीत आणि दोन बोटं. चेलाडी-कामथडीची ही शीवच.

ओव्हरसियर टेप ताणतो, खूण करतो आणि थबकतो. मैलकुली टेपाकडे बघतो, मग जुन्या दगडाकडे.

"सायेब, ह्यो तर हाय त्याच जाग्यावर आला की."

"जुना फर्लांगाचा होता. हा मीटरचा."

"व्हय. पर ह्यो उपटायचा आन् वीतभर सरकून दुसरा रोवायचा?"

ओव्हरसियर वही उघडतो, मिटतो. "त्याच्यावर आकडा कोणता आहे?"

"तीन."

"आपल्याला चार पाहिजे."

"तिनाचा चार कराया कितीसा येळ लागतोय?" मैलकुली चुन्याचं डबडं खाली ठेवतो आणि कुंचला भिजवायला घेतो.

ओव्हरसियर रस्त्यावर दोन्ही बाजूंना बघून घेतो. साहेबाची जीप कुठे दिसत नाही.

"कर," तो म्हणतो. "आणि आकडा नीट काढ. मागच्यासारखा पाच वाटायला नको."